हंसविणाऱ्याचा अपराध

कोणी करमणूक करणारा म्हटला कीं सुशिक्षितांचें नाक मुरडलेंच! ‘नुसता हंसवितो; विचार कोठें आहे?’ हा प्रश्न ठरलेला. रूडी कारेल या डच कलावंताचें नांव निघालें कीं हाच प्रश्न पुढें येतो. तो विचारणारांनीं त्या गृहस्थाच्या चरित्राकडे एकदां नीट पाहावें, अशी विनंती आहे.

कारेल यांचा जन्म 1934 सालीं हॉलंडांतील आल्कमार गांवीं झाला. मूळ आडनांव केसेलार. वडीलही रंगमंचावर लोकरंजनच करीत. 1960 सालीं लंडनला भरलेल्या युरोव्हिजन गीतस्पर्धेंत ते हॉलंडतर्फे गायले, आणि तेरा देशांत त्यांचा क्रमांक बारावा लागला. गायक म्हणून ही कमाई थोर खासच नव्हे. पण 1964 सालीं माँत्रो येथें त्यांच्या कार्यक्रमास रौप्य गुलाबाचें पारितोषिक मिळालें, व पुढच्याच वर्षीं ब्रेमेनच्या नभोवाणी-संस्थेनें त्यांना जर्मन दूरचित्रवाणीवर आणलें.

येथें क्षणभर थांबावें. ज्या जर्मनांनीं 1940 पासून 1945 पर्यंत हॉलंड टाचेखालीं ठेवला, त्यांच्याच दिवाणखान्यांत, युद्ध संपून वीस वर्षें होतात न होतात तोंच, त्या काळीं शाळकरी पोर असलेला एक डच माणूस शिरतो आणि आपल्या डच वळणाच्या जर्मन भाषेंत यजमानांचीच थट्टा मांडतो. यजमान रागावत नाहींत. उलट शनिवारची संध्याकाळ त्याच्यासाठीं राखून ठेवतात! जें मुत्सद्द्यांच्या भाषणांनीं सहजासहजीं साधत नाहीं, त्यांतला कांहीं वांटा या माणसानें उचलला, असें माझें स्पष्ट मत आहे.

1974 ते 1979 पर्यंत चाललेल्या ‘आम लाउफेंडेन बांड’ या कार्यक्रमांत एकाच घरांतल्या दोन पिढ्यांच्या जोड्या खेळत. शेवटीं विजेत्यासमोरून सरकत्या पट्ट्यावर वस्तू जात; मागाहून जेवढ्या आठवतील तेवढ्या त्याच्या. खेळ पोरकट खराच, आणि कल्पनाही जुन्या डच कार्यक्रमाची. 1975 सालीं गाजलेल्या त्यांच्या उन्हाळ्याच्या गाण्याची चालसुद्धां अमेरिकन स्टीव्ह गुडमन यांचीच. सारें मान्य. पण हा पोरकटपणा सहज दिसावा म्हणून कारेल इतकी कडक तालीम घेत कीं सहकाऱ्यांना ती जाचक वाटे. एखादा निबंध लिहितांना आमच्यापैकीं किती जण एवढे कष्ट घेतात?

या विनोदाला दांत नव्हते, असें म्हणणारांनीं 15 फेब्रुवारी 1987 हा दिवस आठवावा. बातम्यांचें विडंबन करणाऱ्या त्यांच्या कार्यक्रमांत, स्त्रिया खोमेनींपुढें अंतर्वस्त्रें फेंकीत आहेत असा भास होईल अशीं दृश्यें जोडून कांहीं सेकंद दाखविलीं गेलीं. इराणनें जर्मन वकिलातींतील अधिकाऱ्यांना घालवून दिलें. तेहरानमधील ग्योटे संस्था बंद झाली. कारेल यांनीं जाहीर क्षमा मागितली. तो विनोद उच्च अभिरुचीचा नव्हता, हें मीही म्हणेन. परंतु जो क्षुल्लक आहे त्याची एका राज्याला एवढी धास्ती कां वाटावी? ‘हा माणूस पोकळ’ आणि ‘हा माणूस घातक’ असें एकाच तोंडानें म्हणतां यावयाचें नाहीं. टीकाकारांनीं दोहोंपैकीं एक आक्षेप निवडावा. दुसरा मी खुशाल सोडून देईन.

2006 च्या फेब्रुवारींत बर्लिनला एक सन्मान स्वीकारण्यास ते उभे राहिले, तेव्हां फुप्फुसाच्या कर्करोगानें त्यांचा आवाज अगदीं चिरका झाला होता. असल्या आवाजावरही जर्मनींत मोठा गायक होतां येतें, अशी स्वतःचीच थट्टा त्यांनीं तेथें केली. जुलैच्या 7 तारखेस ते वारले.