आजीचे जग कोणी बदलले?

एप्रिलमध्ये माझ्या उजव्या गुडघ्याचा सांधा बदलण्यात आला आणि पुढचे सहा आठवडे मी नागपूरच्या ऐन उन्हाळ्यात कूलरसमोरच्या एका उंच खुर्चीवर काढले. पारा पंचेचाळिसाच्या आसपास असल्यामुळे दहा वर्षांच्या नातवालाही दुपारी बाहेर पडण्यास मनाई होती. अशा रीतीने दोन स्थानबद्ध माणसे एका खोलीत आली आणि त्यातील धाकट्याने थोरलीच्या हाती टॅब्लेट दिला.

खेळाचे नाव माइनक्राफ्ट. आपल्या घरातील मुलांना ते ठाऊक असेलच. स्वीडनमध्ये जन्मलेला हा खेळ २०११ मध्ये पूर्ण स्वरूपात बाजारात आला आणि आजवर त्याच्या तीस कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या आहेत. त्यात जिंकणे-हरणे फारसे नाही. माती, दगड, लाकूड यांचे घनाकृती ठोकळे फोडायचे, गोळा करायचे आणि त्यांतून हवे ते उभारायचे. मी महालातले माझ्या वडिलांचे घर बांधायला घेतले. ओसरी, चौक आणि चौकातली विहीर. ते घर पाडल्याला आता पंचवीस वर्षे झाली.

या खेळात जग एकच असते, पण त्यात राहण्याच्या रीती अनेक असतात. त्यांना मोड म्हणतात. 'सर्व्हायव्हल' या रीतीत प्रत्येक गोष्ट कष्टाने मिळवावी लागते. लाकूड तोडावे, कोळसा खणावा, पोटापाण्याचे पाहावे. अंगात दहा हृदयांइतकी शक्ती असते, भूक लागते आणि रात्री राक्षस फिरतात. खेळातील संपूर्ण दिवसरात्र वीस मिनिटांची असल्याने ती रात्र फार लवकर येते. 'क्रिएटिव्ह' रीतीत सर्व ठोकळे अमर्याद, भूक नाही, इजा नाही आणि शिवाय आकाशात उडता येते. 'ॲडव्हेंचर'मध्ये दुसऱ्याने रचलेल्या जगातून हिंडायचे, पण त्यातली वीट आपल्या मर्जीने हलवायची नाही. 'स्पेक्टेटर'मध्ये आपण भिंतींतूनही आरपार जातो, सर्व काही पाहतो, मात्र कशालाही हात लावू शकत नाही. आणि 'हार्डकोअर'मध्ये जीव एकदाच मिळतो. मेल्यावर त्या जगात फक्त प्रेक्षक म्हणून राहता येते. ही शेवटची रीत मी नातवाला खेळू देत नाही. मला स्वतःला ती रोजच खेळावी लागते.

मी सर्व्हायव्हल निवडले. अकरा दिवस खपून ओसरीचे चार खांब आणि एक भिंत एवढेच झाले होते. बोटे हळू चालत, एकदा खाणीत वाट चुकून अर्धी दुपार गेली. बाराव्या दिवशी टॅब्लेट उघडला तर भूक व हृदये दाखवणारी चित्रे नाहीशी झाली होती आणि पेटीत जगातले सगळे ठोकळे हजर होते. नातवाने रात्री मोड बदलला होता. "आजी, तुला किती त्रास होत होता. म्हणून मी क्रिएटिव्ह करून दिलं." त्याच्या चेहऱ्यावर निव्वळ प्रेम होते. मला मात्र रडू कोसळेल असे वाटले, आणि एवढ्याशा गोष्टीचे आपल्याला इतके का लागावे हे त्या क्षणी उमगले नाही.

संध्याकाळी उमगले. सूनबाईने पाण्याचा पेला हातात आणून दिला. तो मेज माझ्यापासून दोन हातांवर होता, आणि व्यायामतज्ज्ञांनी मला दर तासाला उठून चालायला सांगितले होते. "आई, तुम्ही फक्त बसून राहा," हे वाक्य मी त्या घरात दिवसातून वीस वेळा ऐकत होते. भाजी कोणती आणायची, दूधवाल्याचा हिशेब, पाहुण्यांना काय द्यायचे, हे सर्व माझ्या डोळ्यांसमोर चाले आणि कशालाही माझा हात लागत नसे. घरच्यांनी माझा मोड बदलला होता. क्रिएटिव्ह आहे असे समजून त्यांनी मला स्पेक्टेटरमध्ये टाकले होते.

शुश्रूषा करणाऱ्या वाचकांनी हे वाचून अपराधी वाटून घेऊ नये. रुग्ण पडेल ही भीती खरी असते आणि ती भीती रात्री जागून काढणारे तेच असतात. परंतु या बाबतीत एक जुने संशोधन लक्षात ठेवण्याजोगे आहे. १९७६ मध्ये एलन लँगर आणि ज्युडिथ रोडिन या मानसशास्त्रज्ञांनी अमेरिकेतील एका वृद्धाश्रमात प्रयोग केला. एका मजल्यावरील रहिवाशांना सांगितले की आपल्या खोलीची मांडणी, वेळ कसा घालवायचा हे तुम्ही ठरवा. प्रत्येकाला एक रोपटे दिले आणि त्याची निगा त्यांच्यावरच सोपवली. दुसऱ्या मजल्यावरील लोकांनाही रोपटे मिळाले, पण त्याला पाणी परिचारिका घालणार होत्या. काही आठवड्यांनी पहिल्या मजल्यावरचे लोक अधिक उत्साही, अधिक सावध आणि अधिक मिसळणारे आढळले. रोपटे दोघांकडेही होते, हे विसरू नका.

आता मोड बदलण्याच्या कृतीकडेच वळू, कारण मेंदूच्या दृष्टीने ती साधी नाही. एका नियमावलीतून दुसरीत जाताना प्रत्येक वयाच्या माणसाचा काही क्षण गोंधळ होतो. वय वाढते तसे विशेषतः दोन नियमावल्या एकाच वेळी मनात तयार ठेवणे जड जाते. कोणता नियम लागू आहे हे समोर स्पष्ट दिसत असले, तर तो भार पुष्कळ हलका होतो. म्हणून खेळात काय किंवा घरात काय, बदल अगोदर सांगावा, एका वेळी एकच सांगावा आणि माणसाला तो पचवू द्यावा. स्मृती क्षीण झालेल्या वडीलधाऱ्यांना "चला, कपडे बदला, गाडी आली, डॉक्टरांकडे जायचंय" असे एका दमात सांगितले की ते चिडतात. त्यामागे हट्ट असतोच असे नाही. आपण त्यांचा मोड न सांगता बदललेला असतो.

हे मी पुस्तकातून कमी आणि पडून अधिक शिकले. "मला माझा सर्व्हायव्हल परत दे," असे मी म्हणताच नातवाने आज्ञाधारकपणे तत्काळ बदल केला. त्या वेळी मी ओसरीच्या छपराहून बरीच वर, हवेत तरंगत होते. सर्व्हायव्हलमध्ये उडता येत नाही. तीन ठोकळ्यांहून अधिक उंचीवरून पडले की इजा होऊ लागते आणि सुमारे तेवीस ठोकळ्यांवरून पडल्यास पूर्ण शक्तीचा माणूसही मरतो. मी मेले. गाठोड्यातील सामान चौकात विखुरले. ते पाच मिनिटांत नाहीसे होते हे ठाऊक असल्याने आम्ही दोघे ओरडत, हसत ते वेचायला धावलो. माझे धावणे अर्थातच बोटांचे.

आपणास घरी प्रयोग करावयाचा असल्यास काही व्यावहारिक गोष्टी सांगते. टॅब्लेटवर किंवा फोनवर सेटिंग्जमधील 'गेम' या भागात वैयक्तिक मोड बदलता येतो. एकदा क्रिएटिव्ह केले की त्या जगापुरती खेळाची अधिकृत पारितोषिके कायमची बंद होतात; खेळ तशी सूचना देतो आणि मुलांना तिचे फार महत्त्व असते. तेव्हा बदलापूर्वी त्या जगाची एक प्रत करून ठेवावी. क्रिएटिव्हमधून परतताना आधी पाय जमिनीवर टेकवावेत. राक्षसांची भीती वाटत असेल तर मोड न बदलता काठिण्य 'पीसफुल' करावे. मग राक्षस येत नाहीत, भुकेची चिंता राहत नाही, पण ठोकळा मात्र स्वतःच खणावा लागतो. मला हीच पातळी मानवली. आधार काढून घ्यायचा, पण हळूहळू, हे वॉकरवरून काठीवर येणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असते.

चक्कर येण्याचा विकार असणाऱ्यांना पडद्यावरील हलते दृश्य बाधू शकते. सेटिंग्जमधील चालताना दृश्य हिंदकळवणारा पर्याय बंद करावा, आणि तरीही मळमळले तर खेळ सोडून द्यावा. अर्ध्या तासाने उठावे, चार पावले चालावे. शस्त्रक्रियेनंतर एकाच स्थितीत बसणे सांध्याला व पायांतील रक्तप्रवाहाला घातक असते. टॅब्लेट मांडीवर न ठेवता टेकूवर, डोळ्यांच्या पातळीजवळ ठेवावा. झोपण्यापूर्वीचा तास पडद्याविना असावा. अनोळखी लोकांसोबत खेळण्याची सोय बंद ठेवावी आणि खरेदीला पासवर्ड लावावा. ही शेवटची काळजी मुलांइतकीच आपल्यासाठीही आहे.

अशा खेळांनी स्मृती वाढते का, हा प्रश्न मला येणार हे मी जाणून आहे. सॅन फ्रान्सिस्को येथील कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१३ मध्ये 'नेचर'मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात ६० ते ८५ वयाच्या व्यक्तींना खास तयार केलेला एक खेळ महिनाभर दिला. त्यात गाडी चालवता चालवता खुणा ओळखायच्या होत्या. दोन कामे एकत्र सांभाळण्याची त्यांची क्षमता सुधारली आणि सहा महिन्यांनीही ती टिकून होती. मात्र तो खेळ माइनक्राफ्ट नव्हता, आणि त्यावरून विस्मरणाचा आजार टळतो असा निष्कर्ष काढणे चूक ठरेल. रक्तदाब, मधुमेह, श्रवणयंत्र, चालणे यांची जागा कोणताही खेळ घेऊ शकत नाही. मी तो खेळते कारण नातू शेजारी बसतो आणि त्याला मी विहिरीवरच्या रहाटाविषयी सांगू शकते. त्याने रहाट पाहिलेला नाही. त्याने विचारले, "मग मोटर कुठे असायची?"

त्या पडण्यानंतर मी घरातही बोलले. रागाने नव्हे, जरा चाचरतच. मुलाने ऐकून घेतले, पण त्याला पटले असे दिसले नाही. माझ्या पडण्याची धास्ती त्याला माझ्याहून अधिक आहे. आमच्यात एक करार झाला. ओल्या मोरीत एकटीने जायचे नाही, यावर मी हटणार नाही. पाणी मात्र मी स्वतः घेईन. दुसऱ्या सकाळी सूनबाईने काही न बोलता मेथीच्या दोन जुड्या आणि परात माझ्यासमोर आणून ठेवली. निवडायला मला पाऊण तास लागला. तिने ती वीस मिनिटांत निवडली असती, आणि ऑफिसची घाई असूनही ती मध्ये पडली नाही.

विदर्भातील शाळा जूनअखेरीस उघडल्या. नातू आता दुपारी चारला येतो, दप्तर टाकतो आणि आधी विचारतो, "आजी, आज कोणत्या मोडमध्ये?" विहिरीचा कठडा गोल करायचा राहिला आहे. चौकोनी ठोकळ्यांतून गोल कसा काढायचा हे अजून आम्हा दोघांनाही साधलेले नाही.