जमिनीचा पुरावा कोणी द्यायचा?

मंचर - आंबेगाव व जुन्नर तालुक्यांच्या पश्चिम पट्ट्यातील महादेव कोळी समाजाचा जमिनीचा प्रश्न २००६ च्या वनहक्क कायद्याने सुटेल, अशी अपेक्षा होती. कायद्याच्या उद्देशिकेतच आदिवासींवरील ‘ऐतिहासिक अन्याया’ची कबुली आहे. डोंगरपट्ट्यात या अन्यायाची मुळे १८१८ पर्यंत मागे जातात.

पेशवाईत घाटवाटा व डोंगरी किल्ल्यांची राखण कोळी नाईकांकडे असे. इंग्रजांनी किल्ल्यांवरील शिबंदी मोडीत काढली आणि नाईकांचे हक्क आटले. त्यातून रामजी भांगरे यांचा उठाव झाला. त्यांचे पुत्र राघोजी यांना २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. या समाजाचा पहिला सविस्तर वृत्तांत लिहिणारे कॅप्टन मॅकिंतॉश हे बंडखोरांच्या पाठलागावर असलेले अधिकारी होते, हे विसरता येत नाही.

पुढे सावकारी आली. जांभोरीचे होनाजी केंगले यांनी १८७३ पासून सावकारांची नाके कापण्याचा सपाटा लावला. १८७६ मध्ये ते पकडले गेले. दरम्यान, मे १८७५ मध्ये सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांची खतपत्रे जाळली. त्या दंग्यांसाठी चौकशी आयोग बसला आणि १८७९ मध्ये शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदाही झाला. होनाजी मात्र सरकारदप्तरी दरोडेखोरच राहिले. त्याच सुमारास, १८७८ च्या वन कायद्याने राखीव जंगलाच्या हद्दी आखण्याचा अधिकार सरकारने स्वतःकडे घेतला. १९८५ मध्ये भीमाशंकर अभयारण्याची हद्द आली.

कागद नेहमी दुसऱ्याच्या हाती असलेल्या या समाजाला वनहक्कासाठी पुन्हा पुरावाच द्यावा लागतो. वास्तविक नियमांनुसार ज्येष्ठांचे लेखी जबाब, जमिनीचे सपाटीकरण आणि बांध हेही पुरावेच ठरतात. उतारावर सामूहिक श्रमाने भातखाचरे घडविण्याची येथील ‘पडकई’ म्हणजे नेमका असाच पुरावा. विशिष्ट कागदाचा आग्रह धरू नये, असे २०१२ च्या दुरुस्तीने समित्यांना बजावलेही आहे. दावा फेटाळला जाण्याचे परिणाम किती गंभीर असू शकतात, हे १३ फेब्रुवारी २०१९ रोजी दिसले. फेटाळलेल्या दावेदारांना जमिनीवरून हटविण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने त्या दिवशी दिला. त्याच महिन्याच्या २८ तारखेला त्याला स्थगिती मिळाली.

डिंभे धरणग्रस्तांची अडचण याहून बिकट. धरणाच्या पाण्याने पूर्वेकडील शिवार बागायती झाले. ज्यांची खाचरे बुडाली, त्यांचे बांधही पाण्याखाली गेले. मोबदल्यात जमीन न मिळालेल्या विस्थापितांसाठी वनहक्क कायद्यात तरतूद आहे. पण संपादित जमीन पाच वर्षांत मूळ कामासाठी वापरली गेली नसेल, तरच. जलाशयाला ती लागू होण्याचा प्रश्नच येत नाही. तालुक्याला ज्याच्यावरून नाव मिळाले, ते जुने आंबेगावही याच जलाशयात बुडाले आहे.