शेवटपर्यंतचा लेखक

मुंबई-अहमदाबाद महामार्ग सोडून चिंचोटी नाक्यावर भिवंडीकडे वळले की थोड्याच वेळात कामण लागते. तुंगारेश्वरचे डोंगर, कामणदुर्गाचा माथा, रस्त्याच्या कडेने गोदामांच्या रांगा आणि त्या गोदामांच्या गर्दीतच पत्र्याच्या उंच शेडमध्ये उभे असलेले मालिकांचे सेट. नायगाव ते कामण या पट्ट्यात आज टेलिव्हिजनचे बरेच काम चालते. जागा ऐसपैस मिळते, त्यामुळे वाडा, बंगला, चाळ, देऊळ असे सगळे एकाच आवारात उभे करता येते. कलाकार, दिग्दर्शक, कॅमेरामन, लाइटवाले, मेकअपवाले, स्पॉटदादा असे सगळे अंधारात घर सोडून इथे पोहोचतात. बहुधा एकच माणूस येत नाही. ज्याने ते दृश्य लिहिले, तो.

त्याची पाने येतात, मोबाइलवर. तो स्वतः दहिसरला, डोंबिवलीला किंवा पुण्यात बसून उद्याचा एपिसोड लिहीत असतो, कारण तयार भागांची बँक संपलेली असते. दृश्यातले एखादे वाक्य कलाकाराच्या तोंडात बसले नाही तर ते तिथेच बदलले जाते, आणि बदलले हे लेखकाला कळते ते टीव्हीवर पाहताना. हा अंक मालिकालेखकाच्या कारकिर्दीविषयी आहे. त्या कारकिर्दीचे मोठे दुखणे या गैरहजेरीत आहे, असे आम्हाला वाटते.

एक परदेशी उदाहरण घेऊ. सोरेन स्वाइस्ट्रुप हा डेन्मार्कचा पटकथालेखक. २००२-०३ मध्ये त्याने ‘निकोलाय ओ यूली’ ही एका जोडप्याच्या संसाराची, त्याच्या मोडण्या-जुळण्याची मालिका लिहिली. आपल्याकडे जिला आपण ‘कौटुंबिक’ म्हणून हिणवतो, त्याच जातीची. तिला आंतरराष्ट्रीय एमी मिळाले. २००७ मध्ये त्याची ‘फोरब्रुडेल्सन’ आली. एका मुलीचा खून, तपासाचे वीस दिवस, वीस भाग, प्रत्येक भागात एक दिवस. तपास करणारी सारा लुंड लोकांना आठवते हे खरे. पण त्या मालिकेचे काळीज मुलीच्या आई-वडिलांच्या घरात आहे. त्या दोघांचे दुःख लेखकाने भागामागून भाग धरून ठेवले, खुनी शोधण्याच्या घाईत ते सुटू दिले नाही. संसाराची मालिका लिहून आलेल्या माणसालाच ते जमले. २०११ मध्ये बीबीसीने ती डॅनिश भाषेतच, इंग्रजी उपशीर्षकांसह दाखवली आणि तिला बाफ्टा मिळाले. अमेरिकेने तिची स्वतःची आवृत्ती काढली. पुढे स्वाइस्ट्रुप कादंबरीकडे वळला. ‘चेस्टनट मॅन’ ही त्याची पहिली कादंबरी २०१८ ची, आणि २०२१ मध्ये तिचीही मालिका झाली.

‘फोरब्रुडेल्सन’चे सगळे भाग काही निवांतपणे लिहून तयार नव्हते. चित्रीकरण चालू असताना लेखन चालू होते, आणि खुनी कोण हे खुद्द कलाकारांनाही सांगितले नव्हते. म्हणजे धावपळ तिथेही होती. पण कथा कुठे जाणार याचा निर्णय लेखकाच्या हातात होता. गुरुवारी आलेले टीआरपीचे आकडे तो ठरवत नव्हते.

हे आपोआप घडले नाही. ‘फोरब्रुडेल्सन’ काढली ती डीआरने, डेन्मार्कच्या सार्वजनिक वाहिनीने. देशाची लोकसंख्या साठ लाखांच्या आसपास, मुंबईच्या निम्मीसुद्धा नाही. नव्वदच्या दशकात तिथली मंडळी अमेरिकेत जाऊन ‘एनवायपीडी ब्लू’सारख्या मालिका कशा लिहिल्या जातात ते पाहून आली. परतल्यावर त्यांनी स्वतःसाठी काही नियम बांधून घेतले. त्यातला मुख्य नियम असा की मालिका एका लेखकाच्या दृष्टीतून घडेल, आणि निर्माता, दिग्दर्शक, वाहिनी सगळे तिच्या बाजूने उभे राहतील. दुसरा नियम असा की गोष्ट मनोरंजक असेलच, पण तिच्या पोटात समाजाचा एक प्रश्नही असेल.

याच मुशीतून अ‍ॅडम प्राइसची ‘बोर्गेन’ आली. आघाडी सरकार चालवणाऱ्या एका स्त्री पंतप्रधानाची ही गोष्ट २०१० मध्ये सुरू झाली, आणि डेन्मार्कला खरोखरची पहिली स्त्री पंतप्रधान मिळाली ती २०११ मध्ये. प्राइसने सोबत दोन तरुण लेखक घेतले, येप्पे येर्विग ग्राम आणि टोबियास लिंडहोल्म. पुढे ग्रामने ‘बेद्राग’ ही स्वतःची मालिका उभी केली. लिंडहोल्मने दिग्दर्शक थॉमस विंटरबर्गबरोबर ‘द हंट’ आणि ‘अनदर राउंड’ हे चित्रपट लिहिले. दुसऱ्याला २०२१ मध्ये सर्वोत्तम आंतरराष्ट्रीय चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. प्राइसच्या हाताखाली शिकत असतानाही ग्राम आणि लिंडहोल्म कोणाच्या नावाआड लिहीत नव्हते, ‘बोर्गेन’च्या श्रेयनामावलीत त्यांची नावे आहेत. कारकीर्द म्हणतात ती ही.

आपली आणि त्यांची तुलना तोलून करायला हवी. ‘बोर्गेन’च्या पहिल्या तीन पर्वांचे मिळून तीस भाग. आठवड्याला सहा भागांच्या मराठी मालिकेत ते पाच आठवड्यांत संपतील. त्यांचा भाग तासाभराचा असतो, म्हणून मिनिटांनी मोजले तरी आपले तीन महिने. तिथे त्या तीन पर्वांना जवळपास तीन वर्षे लागली. शिवाय डीआर तेव्हा लोकांनी भरलेल्या परवाना शुल्कावर चालत होती. आपल्या वाहिन्यांना जाहिरातदार लागतो. त्यामुळे डेन्मार्कचा नमुना जसाच्या तसा उचला असे सांगण्यात अर्थ नाही. पण एका माणसाच्या हातात कथा ठेवणे ही गोष्ट पैशांवर अवलंबून नाही, आणि मराठीला ती नवीही नाही.

१९९९ मध्ये अल्फा मराठी ही वाहिनी सुरू झाली तेव्हाच्या ‘प्रपंच’ची आठवण आजही लोक काढतात. प्रतिमा कुलकर्णी यांनी ती लिहिली आणि दिग्दर्शितही केली. साप्ताहिक मालिका. समुद्राकाठचे घर, सुधीर जोशी, प्रेमा साखरदांडे, रसिका जोशी अशी माणसे, आणि घरातल्या घरात घडणाऱ्या लहान-लहान गोष्टी. त्यात कारस्थान नव्हते, कोणी कोणाच्या दुधात काही मिसळत नव्हते. एकत्र कुटुंब टिकवताना प्रत्येकाला काय गिळावे लागते हा त्या मालिकेच्या पोटातला प्रश्न होता, आणि लिहिणारी व्यक्तीच सेटवर उभी असल्यामुळे तो शेवटपर्यंत हरवला नाही. मराठी मालिकालेखन शिकणाऱ्याने ‘बोर्गेन’च्या आधी ‘प्रपंच’ पाहावी, असे आम्ही आग्रहाने सांगू.

पुढे स्टार प्रवाहवर श्रीरंग गोडबोले यांची ‘अग्निहोत्र’ आली. अग्निहोत्री घराण्याच्या पिढ्या, नाशिकचा वाडा आणि आठ गणपतींचे कोडे. कोडे घातले म्हणजे उत्तर ठाऊक असावे लागते. त्यामुळे या कथेला पहिल्या दिवसापासून दिशा होती. ‘रात्रीस खेळ चाले’चे उदाहरण आणखी वेगळे. सिंधुदुर्गातल्या आकेरीत जाऊन चित्रीकरण झाले, आणि संवाद लिहिणारे प्रल्हाद कुडतरकर त्याच मालिकेत पांडूची भूमिका करत होते. लेखक रोज सेटवर, कॅमेऱ्यासमोर. त्या संवादांना मालवणी मातीचा जो वास आला तो मुंबईत बसून लिहून आला नसता.

आज दैनंदिन मालिकेत कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. कामाच्या रेट्यामुळे ही वाटणी आली आणि ती पूर्ण चुकीची नाही. ‘आई कुठे काय करते’ मुळात लीना गंगोपाध्याय यांच्या ‘श्रीमोयी’ या बंगाली मालिकेवरून आली. तरीही २०१९ ते २०२४ अशी जवळपास पाच वर्षे तिची नायिका अरुंधती मराठी घरातली बाई वाटली, यात मुग्धा गोडबोले यांच्या संवादांचा वाटा फार मोठा आहे. उसन्या सांगाड्यात आपली भाषा भरणे हेही मोठे लेखन आहे, त्याला दुय्यम मानू नये. दुखणे वाटणीत नाही. दुखणे असे की या तिघांपैकी कोणालाच कथा कुठे संपणार हे ठाऊक नसते, आणि तिघेही बदलले तरी मालिका चालू राहते. ‘चार दिवस सासूचे’ तीन हजारांहून अधिक भाग चालली. तो विक्रम मोठाच आहे. पण इतक्या लांब पल्ल्यात पहिल्या भागाचा लेखक आणि शेवटच्या भागाचा लेखक यांच्यात धागा राहावा कसा? लीप घ्या, ट्रॅक फिरवा, मेलेला माणूस परत आणा, अशा सूचना येत राहतात, आणि लेखकाच्या नावावर जमा होतात ते फक्त भाग. दहा वर्षांनी ‘मी काय लिहिले’ असे स्वतःला विचारल्यावर दाखवायला एक पूर्ण गोष्ट नसणे, हे आमच्या अनेक गुणी मित्रांच्या वाट्याला आले आहे. त्याचे आम्हाला मनापासून वाईट वाटते.

म्हणून सांगतो, लेखकाने कामणला जावे. आठवड्यातून एक दिवस तरी. आपले वाक्य कुठे अडखळते, कोणत्या कलाकाराला शांतता जास्त चांगली जमते, बंगल्याच्या जिन्यावर दृश्य घेतले तर काय बदलते, हे पानावर कळत नाही. आणि जायचेच तर शेडच्या बाहेरही बघावे. वारली, मल्हार कोळी आणि कातकरी यांचे पाडे त्या डोंगरांच्या कुशीत आहेत. जूचंद्रची आगरी वस्ती जवळच. तिथल्या रांगोळीकारांचे नाव महाराष्ट्रभर झाले आहे.  भातशेतीच्या जागी गोदाम आले की त्या घरातल्या मुलाला तिथेच माल उतरवायची नोकरी मिळते, आणि त्याच्या बहिणीला शेजारच्या गाळ्यात पॅकिंगची. ज्या गावात आपण कोल्हापूरचे वाडे आणि पुण्याचे बंगले उभे करतो, त्या गावाची एकही गोष्ट आपल्या पडद्यावर नाही. मनोरंजनाच्या पोटातला प्रश्न शोधायला डेन्मार्कला जायची गरज नाही, तो सेटच्या फाटकाबाहेर उभा आहे.

हे सारे उत्साहाच्या जोरावर होणार नाही, त्याला कागद लागतो. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. दृश्यकृतीत वापरल्या गेलेल्या साहित्याच्या लेखकाला, चित्रपटगृहातील प्रदर्शन वगळता इतर वापरासाठी स्वामित्वधनाचा समान वाटा मिळण्याचा हक्क तिने दिला. हा हक्क लेखकाला सही करून सोडूनही देता येत नाही. तो वारसांकडे किंवा कॉपीराइट सोसायटीकडेच जाऊ शकतो. तरीही ‘सर्व हक्क कायमचे निर्मात्याकडे’ असे मोघम कलम असलेले करार आपण घाईत, फोनवर वाचून, सही करून पाठवतो. स्क्रीनरायटर्स असोसिएशन किमान अटींच्या करारासाठी बरीच वर्षे झगडते आहे. मराठी मालिका लिहिणाऱ्या प्रत्येकाने तिचे सभासद असावे आणि कथेची नोंदणी करूनच ती निर्मात्यापुढे ठेवावी.

निर्मात्यांना आणि वाहिन्यांच्या क्रिएटिव्ह मंडळींना आमची विनंती आहे की वर्षातून एक मालिका तरी ठरलेल्या शेवटाची करा. शंभर भाग म्हणा, दीडशे म्हणा, पण एका लेखकाच्या हाती द्या आणि शेवटच्या भागाचा कच्चा आराखडा पहिल्या दिवशीच मान्य करा. सोबतीला दोन नवे लेखक घ्या आणि त्यांची नावे प्रत्येक भागाच्या श्रेयनामावलीत वाचता येतील अशी ठेवा.

आणि लेखकमित्रांनो, पुढच्या करारावर सही करण्याआधी तीन गोष्टी लेखी मागा. श्रेयनामावलीतले नाव, आठवड्यातून एक दिवस सेटवर येण्याची मुभा आणि त्या दिवसाचे मानधन. एकट्याने मागितले तर नकार मिळेल, म्हणून एकाच मालिकेवर काम करणाऱ्या कथा, पटकथा आणि संवाद लेखकांनी मिळून मागा.