दसादशे

अंकगणिताच्या पुस्तकातील सरळव्याजाचे प्रकरण उघडले, की मुद्दल, मुदत व दर देऊन व्याज काढावयास सांगणारी उदाहरणे पानोपान आढळतात. दर काढावयाची उदाहरणे मात्र अखेरीस येतात, आणि तीही चार-दोन. आमच्या मते वऱ्हाडातील विद्यार्थ्यासाठी तरी हा क्रम उलटा असावयास पाहिजे. व्याज किती द्यावयाचे हे धनको स्वतःच सांगतो. तो सांगत नाही तो वार्षिक दर.

आपल्या खेड्यांतील ‘सवाई’ व ‘दिढी’ हे शब्दच घ्या. मृगाच्या तोंडी शंभर पायल्या ज्वारी उसनी घेतली आणि खळे झाल्यावर सव्वाशे परत केल्या, तर ती सवाई. दीडशे केल्या, तर दिढी. पंचवीस पायल्यांचाच काय तो प्रश्न, असे घेणाऱ्यास वाटते. परंतु जूनपासून डिसेंबरपर्यंत महिने होतात सहाच. व्याजास 100 ने गुणावे, आणि मुद्दल व वर्षांतील मुदत यांच्या गुणाकाराने भागावे: 25 × 100 ÷ (100 × ½) = 50. म्हणजे सवाई ही दसादशे 50, आणि दिढी दसादशे 100! जुन्या दामदुपटीच्या नियमाने व्याजास मुद्दलापलीकडे जाता येत नसे. दिढी ती सीमा एका वर्षातच गाठते. मापास माप फेडले, तर खळ्यावर भाव उतरल्याचा थोडा दिलासा ऋणकोस मिळतो. पण जूनच्या चढ्या भावाने रुपये मांडून खळ्यावरच्या उतरत्या भावाने धान्य मोजून घेतले, तर हा दर आणखी वर जातो.

‘दर साल दर शेकडा’ या शब्दांत ‘दर’ दोनदा येतो तो उगाच नव्हे. ‘दोन टक्क्यांनी पैसे मिळाले’ असे जो समाधानाने सांगतो, त्याचे साल वाटेत गळालेले असते. ते दोन टक्के महिन्याचे, म्हणजे सालाचे 24 असतात. कोठे शेकडाही फसवितो. 1,000 रुपयांच्या चिठ्ठीवर 100 आधीच कापून 900 हाती दिले व तीन महिन्यांनी पुरे 1,000 घेतले, तर घाईचा विद्यार्थी उत्तर 40 काढील. परंतु हाती आलेले मुद्दल 900 च असल्याने खरा दर 44 हून अधिक आहे. हल्ली भ्रमणध्वनीवरून मिळणाऱ्या कित्येक कर्जांत ‘प्रक्रिया शुल्क’ या भारदस्त नावाखाली हीच कापणी चालते.

नहेम्याच्या पुस्तकाच्या 5 व्या अध्यायात, शेते व द्राक्षमळे गहाण टाकलेल्या लोकांचा आक्रोश ऐकून नहेम्या सरदारांस शंभरावा हिस्सा परत करावयास लावतो. तो हिस्सा दरमहाचा असावा, असे टीकाकार मानतात; तसे असल्यास तो दसादशे 12 होतो. महाराष्ट्राच्या 2014 च्या सावकारी कायद्याखाली शेतकऱ्याच्या विनातारण कर्जास ठरविलेली कमाल मर्यादाही 12 च, आणि तारण असल्यास 9. मर्यादा वर्षाची, आणि सौदा मात्र हंगामाचा वा महिन्याचा! जो हा हिशेब करू शकत नाही, त्याला आपल्यावर अन्याय झाला की नाही हेच कळावयाचे नाही. मग तो तक्रार कोणत्या तोंडाने करणार?

म्हणून आमची गणितशिक्षकांस विनंती आहे, की या प्रकरणाचे पहिले उदाहरण सवाईचे घालावे, आणि दुसरे विद्यार्थ्यांनी आपापल्या घरी विचारून आणावे.