सासूचे नाव ललिता पवार

भंडाऱ्याकडच्या घरांतून सासू जरा कडक बोलली की तिला ‘ललिता पवार’ म्हणण्याचा प्रघात आहे, आणि तो काही एकट्या भंडाऱ्याचा नाही. म्हणणारास त्यात विनोद वाटतो. आम्हांस त्यात आपल्या रसिकतेचे दारिद्र्य दिसते. जिने मूकपटापासून दूरदर्शनपर्यंत उभे आयुष्य अभिनयात वेचले, तिचे नाव आपण शिवीसारखे वापरतो, आणि वर तिचा गौरव केल्याचे समाधानही मानतो!

ह्या अन्यायास खतपाणी घातले ते लेखकांनी. तिच्याविषयी चार ओळी लिहावयाच्या झाल्या की आरंभ ठरलेला: १९४२ साल, ‘जंग-ए-आझादी’चे चित्रीकरण, सहकारी नट भगवान यांची जोराने बसलेली चपराक. तीमुळे चेहऱ्यास अर्धांगाचा विकार जडला व डावा डोळा अधू झाला, हे खरे. परंतु तेवढ्यावरून ‘दैवाने नायिकेची खलनायिका केली’ असा जो सिद्धान्त काढतात, तो आम्हांस मुळीच मान्य नाही. दैवाने डोळा अधू केला; अभिनय दैवाने दिला नव्हता.

येवल्यास १९१६ साली जन्मलेली ही बाई चपराकीपूर्वी केवळ देखणी बाहुली होती काय? १९३२ च्या ‘कैलास’ ह्या मूकपटाच्या निर्मितीत तिचा वाटा होता. १९३८ साली तिने ‘दुनिया क्या है’ हा बोलपट काढला, तो टॉलस्टॉयच्या ‘रिसरेक्शन’ कादंबरीवरून! विशीतली मराठी मुलगी टॉलस्टॉयला हात घालते, ही गोष्ट आपल्या लेखकांस चपराकीपेक्षा कमी रंजक वाटावी, ह्याचे आश्चर्य करावे तेवढे थोडे. अपघातानंतर दोनच वर्षांनी, १९४४ साली, प्रभातच्या ‘रामशास्त्री’त ती आनंदीबाई म्हणून उभी राहिली.

आमच्या झाडीपट्टीत धान निघाल्यावर मंडईच्या दिवसांत रात्रभर नाटके चालतात. तेथे घोंगडी पांघरून बसलेला शेतकरी हे पुरते जाणतो की, छळणारी सासू फिकी पडली तर सुनेच्या अश्रूंना किंमत उरत नाही. शहरातल्या सुशिक्षितास मात्र ‘साहाय्यक’ ह्या शब्दाचा अर्थ ‘दुय्यम’ असाच कळतो. १९५९ च्या ‘अनाडी’तील मिसेस डिसा पाहा. भाडेकरूवर सदा खेकसणारी, आणि त्या खेकसण्याआडून त्याच्यावर माया करणारी ही घरमालकीण भेसळीच्या औषधाने मरते, तेव्हा कुठे नायकाच्या भोळेपणाची खरी कसोटी लागते. तिला वगळा, की राज कपूरच्या हाती गाणी तेवढी उरतात. तो अधू डोळा येथे क्रौर्याचा नव्हे, करुणेचा झाला आहे. त्या भूमिकेस फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले; ‘साहाय्यक’च, अर्थात.

‘पण तशा भूमिका तिनेच पत्करल्या ना?’ असे कोणी विचारील. पत्करल्या; कारण दुसऱ्या देणारे थोडे होते, आणि त्याच पाहण्यासाठी तिकिटे काढणारे आपण होतो. रशियात फाईना रानेव्हस्काया ह्या नटीच्या वाट्यास हेच आले. चित्रपटांत तिला प्रमुख भूमिका जवळजवळ लाभल्याच नाहीत. १९३९ च्या एका विनोदी बोलपटातील तिचे एक वाक्य लोकांनी उचलले व जन्मभर रस्त्यारस्त्यांत तिच्या अंगावर फेकले. ती त्यास विटली होती. तथापि त्या देशाने १९६१ साली तिला ‘जनतेची कलावंत’ ही सर्वोच्च पदवी दिली. ललिताबाईंनाही त्याच वर्षी संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार लाभला. फरक पुढचा आहे. रानेव्हस्कायाची रशियन लोक अभिनेत्री म्हणून आठवण काढतात. आपण १९८७ साली ‘रामायणा’तील मंथरा पाहिली, ‘शोभते हो!’ म्हणून हसलो, आणि त्या कुबडाखालची चाल, ओठांची ती वळणे, आवाजातले ते विष ह्यांविषयी जाणून एक ओळ लिहिण्याची कोणास गरज वाटली नाही.

१९९८ साली पुण्यास ती वारली. तिच्यावर लिहिणाऱ्याने पुढचा लेख तरी ‘कैलास’पासून आरंभावा.