ओटीपी दिलाच नाही, तर दोष कसला?

मा. संपादक,

ऑनलाइन खरेदीत कार्डावरून परस्पर पैसे गेले तर ग्राहकानेच सोसावे, हे आपल्या लेखकाचे मत नियमाला धरून नाही. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, चूक ना बँकेची ना ग्राहकाची असेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवले, तर ग्राहकाचे दायित्व शून्य. शिवाय त्याची चूक सिद्ध करायची जबाबदारी बँकेची.

ओटीपी स्वतःच सांगितला, तर तक्रारीपर्यंतचे नुकसान त्याचे. एवढे मान्य. पण घाटकोपरला गाढ झोपलेल्याच्या मोबाइलवर पहाटे तीनला डॉलरमधल्या खरेदीचा मेसेज येतो, ओटीपी न मागताच (परदेशी संकेतस्थळे तो मागतातच असे नाही). यात निष्काळजीपणा कोणता?

जून २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने याच परिपत्रकाच्या आधारे बँक ऑफ बडोदाला एका कंपनीचे ७६ लाखांवर रुपये परत करायला लावले.

वाचकहो, असे झाले तर कार्ड ब्लॉक करा, तक्रार क्रमांक घ्या, १९३० ही सायबर हेल्पलाइन फिरवा.

– एक वाचक, मुलुंड (पूर्व)