माशांना आलेला गोवर

दिवाळी आली की घराला रंग लागतो, पडदे बदलतात आणि पुष्कळ घरांत दिवाणखान्याच्या कोपऱ्यात माशांची काचेची पेटी येऊन बसते. पुढच्या थंडीत माशांच्या एका रोगाला ऊत येतो. परभणीकरांना तर त्याची ओळख हवीच. कारण आमच्याकडे वैशाखात पंखाही गरम वारा घालतो, आणि मार्गशीर्षात दुपारी सदरा नकोसा होतो, तर पहाटे रजई पुरत नाही. माणूस शाल ओढून घेतो. मासा काय ओढणार?

गेल्या मार्गशीर्षात शेजारचा धाकटा धावत आला. "काका, आमच्या माशांना गोवर आला!" जाऊन पाहिले, तो सातही गोल्डफिशच्या अंगावर रव्याचे कण चिकटल्यासारखे पांढरे ठिपके. पर मिटलेले, आणि अंगाला खाज सुटल्यागत खड्यांवर घासणे चाललेले. चारच दिवसांपूर्वी दुकानातून दोन नवे मासे आणून तसेच पेटीत सोडले होते. "भावजी, सगळेच ओढ्यात सोडून देऊ का?" वहिनींनी विचारले. पोराचा चेहरा पडला. मी म्हटले, "मुळीच नको. ओढ्यातल्या माशांनी आपले काय वाईट केले आहे?"

हा रोग एका परोपजीवी जंतूचा. १८७६ साली फूके या फ्रेंच शास्त्रज्ञाने त्याचे वर्णन केले. जंतू माशाच्या कातडीखाली पोसतो; तोच आपल्याला दिसणारा ठिपका. पोट भरले की तो गळून तळाशी जातो, स्वतःभोवती वेष्टण करतो आणि आत शेकडो पिले तयार होतात. ती पाण्यात पोहत नवा मासा शोधतात. दोनेक दिवसांत सापडला नाही तर मरतात. औषध लागू पडते ते या पोहणाऱ्या पिलांना. कातडीखालच्या जंतूला ते पोचत नाही. म्हणून ठिपके गेले की औषध थांबवणारे आठवड्याने पुन्हा कपाळाला हात लावतात.

आम्ही साधे खडेमीठ घेतले. दोन फूट लांब, एक फूट रुंद, एक फूट खोल पेटीत काठोकाठ सुमारे ५६ लिटर पाणी मावते; खडे आणि वरची रिकामी जागा वजा जाता ५० धरा. लिटरला दोन ग्रॅमप्रमाणे १०० ग्रॅम मीठ, वेगळ्या पाण्यात विरघळवून, दीड दिवसात तीन हप्त्यांनी घातले. पाणवनस्पती मात्र आधी काढून ठेवल्या. त्यांना मीठ सोसत नाही. बिनखवल्याच्या माशांनाही ते जपूनच द्यावे. हीटरने पाणी हळूहळू २८ अंशांवर नेले. उबेत जंतूचा फेरा लवकर पुरा होतो आणि पिले लवकर तावडीत सापडतात. ऊन पाण्यात प्राणवायू कमी राहतो, म्हणून हवेचा पंप रात्रंदिवस चालू. एक दिवसाआड नळीने तळचा गाळ ओढून चौथाई पाणी बदलले. नवे पाणी आदल्या दिवशी भरून ठेवलेले, तितकेच कोमट. मीठ काढलेल्या पाण्यापुरतेच पुन्हा घालायचे, हे वहिनींना दोनदा सांगावे लागले. (पेटीत हात घालण्यापूर्वी हीटरचे बटण बंद!)

सहाव्या दिवशी ठिपके दिसेनासे झाले. तरी दोन आठवडे पथ्य पाळले. एक मासा, नव्यांपैकीच, तिसऱ्या रात्री गेला; त्याच्या कल्ल्यांतच रोग शिरला असावा. बाकी सहा तरले.

तेव्हा नवा मासा आणाल तो तीन आठवडे वेगळ्या बादलीत किंवा जुन्या काचपेटीत ठेवा, आणि त्याची जाळी, नळी निराळी ठेवा. दिवाळीला गावी जाणार असाल, तर जाण्यापूर्वी नवे मासे आणूच नका. चार दिवस उपाशी राहिल्याने धडधाकट मोठा मासा मरत नाही. पण शेजाऱ्याने प्रेमाने मूठभर खाणे टाकले, तर मात्र पाणी नासते. मोजलेल्या पुड्या बांधून देऊन जा.